प्राण्यांच्या पुस्तकांतील माणसे

या व्याख्यानमालेच्या चालकांनी आम्हांला विषय कळविण्यास सांगितले, तेव्हा आम्ही बोनस, किमान वेतन किंवा कंत्राटी पद्धत यांपैकी एखादे परिचित प्रकरण घेऊ, अशी त्यांची समजूत असावी. आम्ही 'प्राणिप्रेमिकांसाठी पुस्तके' असे लिहून पाठविले, तेव्हा मंडळाच्या एका सद्गृहस्थांनी मुद्दाम फोन करून विचारले, की दुसऱ्या कोणाचा कागद चुकून आमच्या पाकिटात तर आला नाही ना? कागद आमचाच होता. तीस वर्षे आम्ही कामगार चळवळीत घालविली. शाळा नववीत सुटली. पुढचे जे काही शिक्षण झाले ते रद्दीच्या दुकानात आणि नगरवाचनालयात झाले. त्या शिक्षणात घोडे, मांजरे आणि वाघ यांनी आम्हांला जेवढे शिकविले तेवढे अर्थशास्त्राच्या जाड ग्रंथांनी शिकविले की नाही, याची आमची आम्हांलाच शंका आहे.

प्राण्यांवरील पुस्तके पुष्कळ. त्यांतली बरीचशी गोड असतात. मांजरीच्या पिलांची छायाचित्रे, खाली दोन ओळींचा गोंडस मजकूर. वाढदिवसाला द्यावीत आणि कपाटात ठेवावीत. त्यांच्याशी आमचे भांडण नाही. परंतु ज्याला जनावराविषयी खरोखर जिव्हाळा आहे त्याने वाचावीत अशी पुस्तके निराळी, आणि ती ओळखण्याची आमची एक खूण आहे. जनावराच्या शेजारी एक माणूस उभा असतो. कोणी लगाम धरणारा, कोणी चारा आणणारा, कोणी रानातली वाट दाखविणारा. तो माणूस पुस्तकात दिसतो, की पुसून टाकलेला असतो, एवढे पाहावे. ही खूण आम्ही कोठे शिकलो ते आधी सांगतो.

आमचे वडील जिल्ह्याच्या गावी स्टेशनबाहेर टांगा हाकीत. टांगा त्यांचा नव्हता आणि घोडीही त्यांची नव्हती. मालकाला रोज संध्याकाळी ठरलेले भाडे मोजून द्यावे लागे. मग पाऊस असो, गाडी उशिरा येवो, की गावात बंद असो. भाडे सुटल्यावर जे उरेल त्यातून प्रथम घोडीची चंदी आणि मग आमची भाकरी. घोडीचे नाव चंद्री. तिला खरारा करणे आणि दुपारी तोबरा बांधणे ही आमची कामे. तेव्हा आम्ही आठ-नऊ वर्षांचे असू. एका लग्नसराईत चंद्रीच्या खांद्याला पट्ट्याखाली जखम झाली. वडिलांनी मालकाकडे तीन दिवसांची सवड मागितली. सवड घ्या, भाडे द्या, असे उत्तर आले. वडिलांनी पट्ट्याखाली जुन्या धोतराची घडी घातली आणि टांगा जोडला. त्याच दिवशी स्टेशनावर उतरलेल्या एका सभ्य गृहस्थांनी ती जखम पाहिली आणि भर रस्त्यात वडिलांना कसाई म्हटले. वडील खाली मान घालून उभे राहिले. त्या गृहस्थांचे चुकले असे आम्ही आजही म्हणत नाही. जखम खरीच होती आणि तिला वेदनाही होत होत्या. पण भाड्याचा आकडा त्यांना दिसत नव्हता, कारण तो घोडीच्या अंगावर उमटलेला नव्हता.

पुढे रिक्षा आल्या, टांगे गेले, चंद्री मालकाने विकली, वडील एका गोदामावर रखवालदार झाले. आम्ही बावीस वर्षांचे असताना रात्रपाळीवरून परतताना रद्दीच्या दुकानात दोन रुपयांस एक इंग्रजी पुस्तक घेतले, ते केवळ वेष्टणावर काळा घोडा होता म्हणून. शेजारी शब्दकोश ठेवून ते वाचण्यास आम्हांला चार महिने लागले. ते पुस्तक म्हणजे 'ब्लॅक ब्यूटी'.

त्याची लेखिका ॲना सेवेल ही इंग्लंडातील नॉरफोक परगण्यातली, जन्म १८२० चा. चौदाव्या वर्षी ती पाय घसरून पडली, घोटे कायमचे अधू झाले, आणि चार पावले चालायचे तरी तिला घोड्याच्या गाडीचा आधार घ्यावा लागू लागला. म्हणजे घोडा हा तिचा छंद नव्हता. तिचे पायच ते होते. आयुष्याच्या शेवटच्या काही वर्षांत अंथरुणावर पडल्या पडल्या तिने हे एकच पुस्तक लिहिले. हात चालेना तेव्हा ती सांगे आणि तिची आई लिहून घेई. १८७७ च्या नोव्हेंबरात पुस्तक निघाले आणि १८७८ च्या एप्रिलात ती वारली. पुस्तकाच्या वाट्याला आलेले सुरुवातीचे यश तेवढे तिने पाहिले. आज बालवाङ्मय म्हणून ते मुलांच्या हाती देतात. तिने मात्र ते घोड्यांबरोबर काम करणाऱ्या माणसांसाठी लिहिले होते.

गोष्ट घोडाच सांगतो. कुरणात आईजवळ वाढलेला हा घोडा प्रथम एका सज्जन जमीनदाराकडे जातो, तेथून एका सरदाराच्या घरी, तेथून भाड्याच्या तबेल्यात, मग लंडनच्या रस्त्यावर भाड्याच्या गाडीला. मालक बदलला की बहुधा त्याचे नावही बदलते. आमच्या कामगार बंधूंनी हे वाचावे असे आम्हांला फार वाटते. कंत्राटदार बदलला की आपला बिल्ला बदलतो आणि मागील नोकरी पुसली जाते, तो प्रकार एका घोड्याने आपल्याआधी भोगलेला आहे.

त्या काळी श्रीमंतांच्या गाड्यांना एक पट्टा असे. तो घोड्याच्या तोंडातील कडीपासून मानेवरून मागे पाठीवरच्या साजाला आवळून बांधीत, त्यामुळे घोड्याची मान सतत ताठ उंच राही आणि गाडी दिसण्यास रुबाबदार होई. आता चढावर ओझे ओढताना घोडा काय करतो? मान खाली घालतो, खांदा पुढे टाकतो आणि सगळे वजन ओढणीत घालतो. ज्याने हातगाडी ओढली आहे त्याला हे सांगायला नको. मान वर बांधली की ती ताकदच नाहीशी होते. वर श्वास कोंडतो, पाठ दुखते, तोंड सोलते. सेवेलबाईंनी हे घोड्याच्या तोंडून इतक्या बारकाईने सांगितले, की त्या पट्ट्याविरुद्ध लोकमत तयार होण्यात या पुस्तकाचा मोठा हात मानला जातो. १८९० मध्ये अमेरिकेत जॉर्ज एंजेल नावाच्या प्राणिमित्राने त्याची आवृत्ती काढून ती गाडीवान आणि मोतद्दार यांच्यापर्यंत पोहोचविली.

पण आम्हांला थांबविले ते दुसऱ्याच पानांनी. लंडनमध्ये घोड्याला जेरी बार्कर नावाचा गाडीवान मिळतो. घोडा स्वतःचा, स्वभाव प्रेमळ, आणि परवाना आठवड्याला सहा दिवसांचा. रविवारी तो गाडी जोडत नाही. त्याच अड्ड्यावर सॅम नावाचा दुसरा गाडीवान आहे. त्याच्याकडे गाडी आणि दोन घोडी भाड्याची. मालकाला रोजचे अठरा शिलिंग दिल्यावाचून त्याच्या हाताला स्वतःचा पैसा लागत नाही. घोडी थकलेली आहेत, त्यांना मारावे लागते, हे त्याला ठाऊक आहे आणि ते त्याला आवडत नाही. थोड्याच दिवसांत तो आजारी पडून मरतो. मरताना त्याला खंत एकाच गोष्टीची, की आयुष्यात एका रविवारची विश्रांती मिळाली नाही. आम्ही ते पान वाचले आणि दिवा मालवून कितीतरी वेळ तसेच बसून राहिलो. ज्या बाईला धड चालता येत नव्हते, जिने आपल्या गावचे स्टेशन पाहिले नव्हते, तिला आमच्या वडिलांच्या भाड्याचा हिशेब माहीत होता. त्या सभ्य गृहस्थांना दिसला नाही तो आकडा तिने अठरा शिलिंग म्हणून नेमका लिहून ठेवला होता.

या रविवारावरून जरा आपल्याकडे येऊ. 'ब्लॅक ब्यूटी' निघाले त्या सुमारास मुंबईच्या गिरण्यांत आठवड्याच्या सुट्टीचा हक्क नव्हता. १८८० नंतरच्या दशकात परळला जनावरांचे मोठे इस्पितळ उभे राहिले, ते गिरणीमालक सर दिनशा पेटिट यांच्या देणगीतून. त्यांच्या पत्नी साकरबाई यांचे नाव त्याला आहे आणि आजही तेथे मुक्या जनावरांवर उपचार होतात. त्याच दशकात नारायण मेघाजी लोखंडे गिरणीतल्या माणसाला रविवार मिळावा म्हणून सभा भरवीत होते आणि सह्या गोळा करीत होते. तो रविवार मिळाला १८९० साली. पेटिट यांना दूषण देण्यासाठी आम्ही हे सांगत नाही. घोड्याची जखम एका नजरेत दिसते, माणसाचा थकवा दिसण्यास अर्जविनंत्या लागतात, एवढेच.

आणि हा प्रश्न जुना झाला असे समजू नका. मुंबईतील व्हिक्टोरिया गाड्या सर्वांनी पाहिल्या असतील. प्राणिमित्रांच्या याचिकेवर उच्च न्यायालयाने जून २०१५ मध्ये हौसेच्या फेरीसाठी त्या चालविणे बेकायदा ठरविले, त्या वर्षभरात बंद करण्यास सांगितले आणि गाडीवानांच्या पुनर्वसनाची योजना करण्यास सरकारला बजावले. आमचे काही सहकारी तेव्हा म्हणाले, की आपण गाडीवानांच्या बाजूने उभे राहून बंदीला विरोध केला पाहिजे. आम्ही ते मानले नाही. डांबरावर, मोटारींच्या धुरात, नीट तबेला नसताना घोडा राबविणे वाईट. ते थांबले हे बरे झाले. परंतु निकालाचा पहिला भाग वर्तमानपत्रांच्या पहिल्या पानावर आला, दुसऱ्या भागासाठी गाडीवानांना वर्षानुवर्षे खेटे घालावे लागले. दोन्ही भाग एकाच निकालपत्रात होते. सेवेलबाईंच्या पुस्तकातही ते एकत्रच आहेत.

मांजरांविषयी थोडक्यात सांगतो, कारण मांजर कोणाची नोकरी करीत नाही आणि त्यामुळे आमच्या शास्त्रात बसत नाही. तरीही एक पुस्तक चुकवू नये: जपानच्या नात्सुमे सोसेकी यांचे 'मी मांजर आहे'. ते १९०५ ते १९०६ या काळात एका मासिकातून क्रमशः आले. बिननावाचे एक मांजर इंग्रजीच्या एका शिक्षकाच्या घरी राहते आणि त्याच्याकडे येणाऱ्या विद्वानांची टवाळी करते. धनी अभ्यासिकेत बसला की घरच्यांना वाटते, केवढा व्यासंग! मांजर डोकावून पाहते तो काय, स्वारी पुस्तकावर डोके टेकून झोपलेली आणि पानावर लाळ सांडलेली. जपानी शीर्षकात 'मी' साठी जो शब्द आहे तो साधा नाही. मोठ्या रुबाबाचा, काहीसा आपल्या 'आम्ही' सारखा. भटके मांजर स्वतःला 'आम्ही' म्हणते, हीच पहिली थट्टा. हे कळल्यापासून भाषणात 'आम्ही' म्हणताना आम्हांलाही थोडे जपून बोलावे लागते. सोसेकींच्या घरी खरोखरीच असे एक मांजर होते. ते १९०८ मध्ये मेले, तेव्हा त्यांनी आपल्या शिष्यांना पत्रे धाडून त्याच्या मृत्यूची वार्ता कळविली.

आता रान. आपल्या देशातील वन्य प्राण्यांवर इंग्रजीत सर्वांत अधिक वाचला गेलेला लेखक बहुधा जिम कॉर्बेट. 'मॅन-ईटर्स ऑफ कुमाऊँ' १९४४ साली निघाले. शिकारीच्या कथा म्हणून लोक ते वाचतात आणि थरारतात. कॉर्बेटचे मोठेपण मात्र असे, की वाघ माणसे का खातो याचा तो शोध घेतो. त्याने १९०७ साली मारलेली चंपावतची वाघीण घ्या. तिच्या नावावर ४३६ बळी सांगतात. २०० नेपाळात आणि बाकीचे कुमाऊँत. तिला मारल्यावर त्याने तोंड उघडून पाहिले, तर उजव्या बाजूचे वरचे आणि खालचे दोन्ही सुळे तुटलेले. जुन्या गोळीची जखम. सुळे गेले म्हणून नेहमीचे भक्ष्य धरता येईना, म्हणून ती माणसाकडे वळली. अपराधाचा माग त्या वाघिणीपाशी थांबत नाही, तो कोणा अज्ञात बंदूकवाल्यापर्यंत जातो.

हे सर्व वाचून आम्ही खूष होतो. पुढे एका रविवारी ते पुस्तक पुन्हा हाती घेतले, आणि सवयीने एका कागदावर रकाने आखले. प्रत्येक युनियनच्या कचेरीत अपघाताची वही असते. तीत नाव, वेळ, जागा आणि 'अपघातसमयी करीत असलेले काम' असे रकाने असतात. कॉर्बेटच्या कथांतले बळी आम्ही त्या रकान्यांत मांडू लागलो. झाडावर चढून गुरांसाठी पाला तोडणारी बाई. सुक्या काटक्या गोळा करणारी सोळा-सतरा वर्षांची मुलगी. चंपावतच्या वाघिणीचा हा शेवटचा बळी. गवत कापणाऱ्या बाया. शेवटचा रकाना भरत गेला तसे आमच्या लक्षात आले, की ही शिकारकथांची यादी नव्हे. ही कामावरच्या अपघातांची वही आहे, आणि तीत मुख्यतः बायका आहेत. डोंगरात गवत, पाला आणि सरपण आणणे हे त्यांचे काम, आणि त्यासाठी त्यांना रोज रानाच्या काठाला जावेच लागे. ज्या पहिल्या नावाच्या रकान्यापासून आम्ही सुरुवात केली होती, तो मात्र बहुतेक कोराच राहिला.

कॉर्बेटवर अन्याय नको. त्याने आयुष्याची वीसएक वर्षे गंगेकाठी मोकामा घाटावर रेल्वेचा माल चढविण्या-उतरविण्याच्या कंत्राटात काढली. शेकडो मजूर त्याच्या हाताखाली होते. १९५२ च्या 'माय इंडिया' या पुस्तकात त्याने त्या हमालांची, त्यांच्या मुकादमाची, मजुरी अडून राहिली त्या दिवसांतल्या उपासमारीची हकीकत लिहिली आहे, आणि ते पुस्तक भारतातल्या गरिबांनाच अर्पण केले आहे. मजुरांच्या निष्ठेचे गोडवे गाणारे कंत्राटदार आम्ही पुष्कळ पाहिले, म्हणून प्रथम आम्ही ते संशयाने वाचले. पण हा कंत्राटदार मजुरांबरोबर स्वतः फावडे घेऊन कोळसा ओढीत होता, हे ध्यानात घेतले पाहिजे. ज्यांनी कॉर्बेटचे फक्त वाघ वाचले आहेत, त्यांनी हे अवश्य मिळवून वाचावे.

वर सांगितलेला कागद आमच्या पिशवीतच होता, तेव्हाची गोष्ट. जुन्नरच्या बाजूला ऊसतोड मजुरांची बैठक होती. फडाच्या कडेला कोप्या घातलेल्या, नवराबायको मिळून एक कोयता, उचल घेऊन आलेली माणसे. त्या पट्ट्यात बिबट्या उसात राहतो हे आता सर्वांना ठाऊक आहे. ऊस वर्ष-दीड वर्ष उभा असतो, आत पाणी आहे, गारवा आहे, आसपास कुत्री, डुकरे, शेळ्या आहेत. बिबट्याच्या मादीला पिले घालण्यास याहून बरे रान कोठले? मग तोड सुरू होते आणि त्याच उसाच्या काठाला माणसे पोरेबाळे घेऊन उघड्यावर निजतात. विद्या अत्रेय आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या प्रश्नाचा महाराष्ट्रात नेमका अभ्यास केला आहे. पकडलेला बिबट्या लांब नेऊन सोडला तर हल्ले थांबत नाहीत, उलट वाढतात, असे जुन्नरच्या अनुभवावरून त्यांनी दाखविले. आणि जेथे जंगल असे नाहीच, त्या अकोले भागातील शेतीत बिबटे माणसांच्या शेजारी, अभ्यासाच्या काळात एकही माणूस न मारता, राहत असल्याचे २०१३ साली प्रसिद्ध केले. म्हणजे बिबट्या आहे म्हणून माणूस मरतोच असे नाही. झोपण्याची जागा, दिवा, दार आणि संडास यांवर पुष्कळ अवलंबून आहे, आणि या चारही गोष्टी कोपीला नसतात.

तेथे आम्ही चंपावतच्या वाघिणीची गोष्ट सांगितली. चुलीपाशी भाकरी थापणाऱ्या एका बाईने विचारले, "वाघिणीला गावाचं नाव दिलंय म्हणता. मग मेलेल्या बायांची नावं हायेत का त्यात?" आम्ही म्हणालो, "बहुतेकींची नाहीत." तिने भाकरी उलटली. त्या वर्षी साखर कारखान्याकडे आमच्या ज्या मागण्या गेल्या, त्यांत मजुरीच्या दराखाली कोप्यांना दार आणि दिवा हे कलम प्रथमच घातले गेले. अद्याप ते मान्य झालेले नाही.

मराठीत आपले भाग्य थोर आहे, कारण येथे रानाविषयी लिहिणारे रानातल्या माणसाला विसरले नाहीत. मारुती चितमपल्ली यांचा जन्म १९३२ चा, गिरण्यांच्या सोलापुरात. सारे आयुष्य वनखात्यात काढलेला हा माणूस. २०२५ साली त्यांचे निधन झाले. 'रानवाटा', 'चकवाचांदण', 'पक्षिकोश' ही त्यांची पुस्तके आपल्या वाचनालयात आहेत. बगळ्यांच्या विणीच्या वसाहतीला 'सारंगागार' आणि कावळ्यांच्या वसाहतीला 'काकागार' असे सुबक शब्द त्यांनी मराठीला दिले. पण आम्हांला त्यांच्यात मोलाचे वाटते ते हे, की पाखराचे नाव, त्याची सवय, त्याची वेळ ही माहिती आपल्याला आदिवासींनी आणि मासेमारांनी दिली, हे ते मोकळेपणाने सांगतात. व्यंकटेश माडगूळकरांचे 'सत्तांतर' (१९८२) वानरांच्या टोळ्यांतील सत्तेच्या झगड्यावर आहे. त्याला साहित्य अकादमीचे पारितोषिक मिळाले. आमच्या कचेरीत ते हातोहात फिरले, आणि त्यातला म्हातारा हुप्या म्हणजे समोरच्या युनियनचे अध्यक्ष, असे प्रत्येकाने ठरविले. समोरच्या युनियननेही ते मागून नेले होते. त्यांनी काय ठरविले ते आम्ही विचारले नाही.

सालिम अलींचे भारतीय पक्ष्यांवरील पुस्तक (१९४१) ज्यांना इंग्रजी अडखळत येते त्यांनीही घ्यावे. चित्रे पाहत पाहत भाषा येते, हा स्वानुभव आहे.

राहिले आमच्या वडिलांचे. ते थकले होते, डोळे गेले होते, तेव्हा आम्ही रोज रात्री त्यांना 'ब्लॅक ब्यूटी' मराठीत तोंडी सांगत असू. जिंजर ही घोडी राबून राबून मरते आणि तिचे प्रेत उघड्या गाडीतून नेतात, तेथे ते काही बोलले नाहीत. जेरी गाडीवान नववर्षाच्या आदल्या रात्री, पत्ते खेळणाऱ्या गिऱ्हाइकांची थंडीत वाट पाहून आजारी पडतो आणि त्याला गाडी सोडावी लागते, तेथे त्यांनी आम्हांला थांबविले.

"घोड्याचं राहू दे," ते म्हणाले, "जेरीचं पुढं काय होतं?"

"आबा, एका बाईंकडं गावाला त्याला कोचमनची नोकरी मिळते."

"पगारी?"

"पगारी. राहायला घरही मिळतं. मागं परसू आहे, सफरचंदाची झाडं आहेत."

वडील थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "बरं. आता घोड्याचं सांग."